इनका, किनका आणि मामूंका

बर दुबई,
२० नोव्हेंबर १९६४

जनाब खैरुद्दीनमामू यांच्या खिदमतीत भाचा यूनुसचा अदबीने सलाम.

अस्सलामु अलैकुम. मामू, पत्राच्या सुरुवातीला 'येथे सर्व खुशाल' असं लिहायची आपल्यात रीत आहे, आणि मी ती आजवर कधी मोडलेली नाही. टायफॉइडने अंथरुणाला खिळलो होतो तेव्हासुद्धा तुम्हाला खुशाल असल्याचंच कळवलं होतं. पण आज मी खाटेवर पालथा पडून लिहितो आहे, कारण पाठ टेकवत नाही आणि बसण्याचं तर नावच काढायला नको. दोन्ही टाचांना फोड आलेत, डाव्या अंगठ्याचं नख रास अल खैमाच्या डोंगरात राहिलंय, आणि नाकाची सालं निघतायत. एवढं सोडून येथे सर्व खुशाल. तुमचे गुडघे, शहरबानूमामींचा दमा आणि घरातल्या इतर सर्वांची (सर्वांची म्हणजे सर्वांची) तब्येत कशी आहे ते कळवावे. तुमचा चष्मा फुटल्यापासून माझी पत्रं तुम्हाला तुमची लेक शहनाझ वाचून दाखवते, असं बोटीवरचा जहूर गेल्या खेपेला सांगत होता. (वाचणाऱ्या व्यक्तीला विनंती की तिने मधे थांबून हसू नये, आणि काही गाळू नये. मामूंना गाळलेलं कळतं.)

तुमचं पत्र मिळालं. रमझानचा चांद दिसायच्या आत येऊन निकाह उरकला नाहीस तर मोंबासाच्या मोहिद्दीन परकारच्या वडिलांना शहनाझसाठी होकार कळवून टाकीन, असं तुम्ही लिहिलंत. मोहिद्दीनची तिथे स्वतःची बेकरी आहे हेही लिहिलंत, आणि पुढच्या पानावर ते पुन्हा लिहिलंत. जहाजावर खलाशांवर आयुष्यभर सारंगकी केलेल्या माणसाचं पत्र म्हणजे हुकूमच, त्याला उलट उत्तर देण्याची माझी हिंमत नाही. पण त्याच पत्रात खाली तुम्ही लिहिलंत की सड्यावरच्या घराला याच महिन्यात छप्पर चढवायला घेणार, मंगलोरी कौलं होडीने आणून वर नेऊन रचून ठेवलीत. ते वाचून मला काय वाटलं ते कसं सांगू. गावाच्या डोक्यावर, त्या उघड्या कातळावर, म्हातारपणी उठल्याबसल्या समुद्र दिसावा म्हणून तुम्ही बांधायला घेतलेलं ते घर. छपराच्या उतारावरून सुताराशी तुमचं वाजलं (तुमचं म्हणणं, छपराला होडीचा आकार हवा, त्याचं म्हणणं, घराचा हवा) आणि तेव्हापासून नुसत्या चिऱ्याच्या भिंती वाऱ्यापावसात उभ्या. आम्ही पोरं तिथे करवंदं खायला जायचो, आणि आमच्या आधी शेळ्या पोचलेल्या असायच्या. शहनाझचं लग्न होईल तेव्हा हे घर तिचं, असं तुम्ही ईदच्या दिवशी साऱ्या भावकीसमोर बोललात, त्या दिवसापासून मी प्रत्येक पत्रात तुम्हाला 'छपराचं काय झालं' विचारत आलोय. बायको नेणार कुठे, आभाळाखाली? ती काळजी आता मिटली. घर तयार, कौलं तयार, नवरी (इन्शाल्ला) तयार, तेवढा नवरा पोचायचा बाकी होता. आणि नवऱ्याला अडवून धरलं होतं रजेने.

माझी रजा विलकॉक्स साहेबांच्या हातात. गृहस्थ वाईट नाहीत, पण त्यांना ऐकायची सवय नाही. पूर्वी कराचीत होते, त्यामुळे हिंदी बोलतात. म्हणजे हुकूम देण्यापुरती बोलतात, उत्तर समजण्याइतकी येत नाही. माझं काम तुम्हाला ठाऊक आहे. बोटीतून उतरताना जो माल भिजतो, फुटतो, सडतो, त्याचे इन्शुरन्सचे क्लेम मी लिहितो. साखर रुइन्ड बाय सी वॉटर, तांदूळ रुइन्ड बाय रेन, कापड रुइन्ड बाय उंदीर. सकाळपासून संध्याकाळपर्यंत रुइन, रुइन, रुइन. या शब्दाशी माझी इतकी जानपछान आहे की तो दुसऱ्या कुठल्या कामासाठी वापरत असतील हे माझ्या स्वप्नातही आलं नव्हतं. सगळा घोटाळा इथून सुरू झाला. वाचून तुम्हीच सांगा, यात माझी चूक कुठे आहे.

माझा रजेचा अर्ज साहेबांच्या टेबलावर शिंपल्याच्या पेपरवेटखाली पडून पडून पिवळा व्हायला आला होता. एके सकाळी साहेब खुशीत दिसले म्हणून मी अर्जाचं काढणार, एवढ्यात त्यांनीच खिडकीकडे हात करून विचारलं, "यूनुस, तुम इनका रुइन्स देखा?" आता खिडकीबाहेर नेमका कोण उभा असावा? खाडीपलीकडच्या देऱ्यातला बदरुद्दीन, ज्याच्या गोदामात आमची साखर भिजून पाघळली होती आणि वर गोदामाची एक भिंतही बसली होती. इनका म्हणजे यांचं. यांचं रुइन झालेलं. मुंबईपासून दुबईपर्यंत हिंदी बोलणाऱ्या कुठल्याही माणसाला विचारा, याचा दुसरा अर्थ होतच नाही. मी म्हटलं, देखा सर, अच्छी तरह देखा, ऊपर चढके देखा. (पोत्यांच्या थप्पीवर चढल्याशिवाय वरचं नुकसान दिसत नाही.) साहेबांनी पेन खाली ठेवलं. माझ्याकडे त्यांनी असं कधी पाहिलं नव्हतं. मग हलक्या आवाजात विचारलं, पेरू? मला वाटलं, साहेब आज कामाचं सोडून घरगुती बोलायच्या मूडमध्ये आहेत, आणि अशा वेळी मनमोकळं बोललेलं रजेला बरं पडतं. मी म्हटलं, येस सर, पेरू आय लाइक व्हेरी मच, इनसाइड इट इज पिंक. साहेब खुर्चीत मागे टेकले, डोळे मिटले आणि म्हणाले, "ॲट सनराइज, येस." सकाळी अनशापोटी पेरू खाल्ला की खोकला होतो असं अम्मी म्हणायची, पण ते साहेबांना कोण सांगणार?

त्यावर साहेब उठून उभे राहिले आणि त्यांनी माझा हात हातात घेऊन हलवला. म्हणाले, आपल्याच ऑफिसात असा माणूस आहे आणि मला पत्ता नाही. तसलेच रुइन्स इथे जवळ आहेत, आपण तीन दिवसांची टूर काढू, तू माझा गाइड. मी अर्जाकडे बोट केलं. साहेब म्हणाले, रुइन्स के बाद. मी मनात म्हटलं, बदरुद्दीनचं गोदाम अब्राच्या होडीत बसून खाडी ओलांडली की समोर आहे, त्याला तीन दिवस आणि गाइड कशाला? पण साहेबलोकांचं काम म्हणजे असंच, साखर मोजायची तरी तंबू ठोकतील, असं समजून मी होकार दिला. तरी अर्ज मात्र पेपरवेटखालून काढून खिशात घालून ठेवला, कारण गोदामात साहेबांचा मूड लागला तर तिथल्या तिथे सही घेता येईल.

ठरल्या दिवशी मी इस्त्रीची पॅंट, पांढरा शर्ट आणि काळे बूट घालून हजर झालो. बूट कोणते, तर निकाहसाठी घेतलेले. इथल्या बाजारात पाच दुकानं फिरून घेतले होते, पेटीत कागदात गुंडाळून ठेवले होते आणि अधूनमधून काढून बघायचो. (हे वाचताना हसू येत असेल तर पाणी पिऊन पुढे वाचावं.) साहेबांबरोबर जायचं तर नीटनेटकं दिसावं म्हणून घातले. बाहेर लॅंड रोव्हर उभी, तीवर तंबू, दोर, पाण्याचे डबे, डबाबंद मटणाचं खोकं (हलाल की काय त्याचा पत्ता नाही, त्यामुळे तीन दिवस मी खजूर आणि बिस्किटांवर काढले). चाकावर आमचा जमाल. हा जमाल श्रीवर्धनचा, माझ्याच खोलीत राहतो, गाडी चांगली चालवतो आणि दुसऱ्याची फजिती झाली की त्याला भूक लागते. मी त्याला म्हटलं, देऱ्याला जायला एवढं सामान? तो म्हणाला, कुठलं देरा, हबीबी, आपण रास अल खैमाला चाललोय डोंगर चढायला, यल्ला, बस. माझ्या तोंडचं पाणी पळालं. आपल्या बंदरवाडीत मला सगळे खाडीचा खेकडा म्हणायचे, ते उगीच नाही. पोहायला सांगा, वल्हं मारायला सांगा. पण चढ दिसला की माझे गुडघे बोलायला लागतात. तुम्हीच म्हणाला होतात, या पोराला सड्यावर न्यायचं तर डालग्यात घालून न्यावं लागेल.

शारजापर्यंत ठीक होतं. पुढे रस्ता नाहीच, ओहोटी असेल तेव्हा समुद्राच्या कडेने ओल्या वाळूवरून गाडी हाणायची. साहेब नकाशा बघत होते आणि समुद्र आपल्या वेळेप्रमाणे चढत होता. मी आपल्या बंदरावर वाढलेला माणूस, मला पाणी कुठे आलंय ते वासावरून कळतं. मी दोनदा सांगितलं, सर, भरती. साहेब म्हणाले, व्हेरी गुड. त्यानंतर गाडी खाऱ्या चिखलात अशी रुतली की दोन चाकं दिसेनात. मी आणि जमालने पॅंट गुडघ्यापर्यंत वर करून गाडी ढकलली. साहेब आत बसून सांगत होते की खऱ्या प्रवासात असंच होतं. निकाहचा उजवा बूट त्या चिखलात गेला तो हाताने चाचपून काढावा लागला, आणि बाहेर आला तेव्हा तो बूट आहे हे आठवणीवर समजायचं. रुइन्ड बाय सी वॉटर, मी लगेच मनातल्या मनात क्लेम लिहिला.

संध्याकाळी डोंगराच्या पायथ्याशी खजुरीच्या बागेत तंबू लागले, आणि साहेबांनी पेटीतून फोटो काढले. मामू, तिथे माझी पाचावर धारण बसली. फोटोत ढगांच्याही वर डोंगर, त्या डोंगरांच्या टोकावर दगडी भिंतींचं ओसाड गाव, आणि मधे साहेब एका जनावराच्या गळ्यात हात टाकून उभे. जनावर मेंढीचं की उंटाचं ते ठरत नव्हतं. साहेब म्हणाले, बघ तुझे इंका, ओळखलेस? तेव्हा मला उजेड पडला, की इंका नावाचे कोणी लोक होऊन गेले आणि पेरू हा देश आहे. मामू, चाळीस प्रकारची नुकसानं इंग्रजीत लिहिणाऱ्या माणसाला पेरू हा देश आहे हे कोणी सांगू नये? शाळेत गुरुजींनी नकाशा लावला होता, पण त्यावर आमच्या बाकावरून फक्त आफ्रिका दिसायची, बाकीचं खांबामागे होतं. जमालने फोटो पाहिले, माझं तोंड पाहिलं, आणि बिस्किटाचा पुडा उघडला.

त्याच वेळी खरं सांगून टाकायला हवं होतं, असं तुम्ही म्हणाल. पण खिशात अर्ज होता आणि त्यावर सही नव्हती. साहेबांनी विचारलं, तू पेरूला गेलास कधी? मी काय सांगणार? म्हटलं, लहानपणी सर, जहाजावर, माय मॅटर्नल अंकल वॉज सारंग, ते घेऊन गेले. माफ करा मामू. तुमच्या बंदरांत पेरू नाही हे मला माहीत आहे, तुमची सगळी बंदरं मला पाठ आहेत. पण त्या घटकेला दुसरं कोणी सुचलं नाही, आणि तुमचं नाव काढल्यावर माझ्यावर विश्वास ठेवला जातो हा माझा लहानपणापासूनचा अनुभव आहे. साहेब म्हणाले, वंडरफुल मॅन. हे मात्र त्यांनी खरं ओळखलं.

दुसऱ्या दिवशी टेकडीवरचे रुइन्स. कोण्या राणीचा महाल होता असं तिथले लोक म्हणतात; राणीला खाली बागेत राहायला काय धाड भरली होती, हे कोणी सांगत नाही. वाट दाखवायला मुबारक नावाचा डोंगरातला म्हातारा घेतला होता, अनवाणी, हातात बारकी कुऱ्हाड, चालायला लागला की शेळीसारखा. किती राहिलं म्हणून विचारलं की तो म्हणे, करीब, करीब. अरबीत करीब म्हणजे जवळ. आपण दोनदा म्हणतो तेव्हा त्याचा अर्थ जवळजवळ असा होतो. त्याच्या मनात यातलं कोणतं होतं ते मला शेवटपर्यंत कळलं नाही. प्रत्येक वळणामागे आणखी एक वळण आणि मुबारकचं करीब. वर पोचलो तर चार भिंती, पाण्याचं एक जुनं टाकं आणि वारा. मी सावली शोधून आडवा होणार, तेवढ्यात साहेब समोर येऊन उभे राहिले आणि म्हणाले, नाऊ, गाइड, एक्सप्लेन.

मी काय एक्सप्लेन करणार? मला जे येतं तेच केलं. भिंतींभोवती फिरलो आणि जसं गोदामात सांगतो तसं सांगितलं. ही भिंत पार्शली डॅमेज्ड, ही टोटल लॉस, हा कोपरा आधीपासून तडकलेला दिसतो, छपराचा पुरावा शिल्लक नाही, टाकं गळतं आहे पण दुरुस्त होण्यासारखं, एकंदरीत नुकसान एका दिवसाचं नाही, बेफिकिरी फार वर्षांची. साहेब थक्क होऊन ऐकत होते. म्हणाले, इतकी वर्षं लोकांची व्याख्यानं ऐकली, पण भिंतीकडे असं कोणी पाहत नाही. मला क्षणभर स्वतःचाच अभिमान वाटला, पण मग ते म्हणाले की उद्या आपण याहून वर जाऊ, आणि अभिमान गेला.

तिसरा दिवस आठवला की अजून पोटऱ्या थरथरतात. उंच डोंगर, वाटेवर सगळा दगडगोटा, बुटाचा तळ सुटून जिभेसारखा लोंबत होता, तो मी तंबूच्या दोरीने बांधला होता. डोंगराच्या उतारावर पायरीपायरीने दगडांचे बांध घालून शेतं केलेली, कोणे काळची, आता ओसाड. साहेब प्रत्येक बांधाशी थांबून इंका, इंका करत टोपी काढायचे. मला ते आपले गडगे दिसत होते. असेच गडगे तुमच्या सड्याच्या वाटेवर आहेत, असेच मोडलेले, आणि त्यावरून उड्या मारत शहनाझ आमच्या सगळ्यांच्या पुढे जायची. ते आठवलं आणि मी जो खाली बसलो तो बसलोच. मुबारक म्हणाला, करीब. मी म्हटलं, खलास. जमालने हात धरून ओढलं, मी उठलो नाही. साहेब मागे वळून आले आणि विचारायला लागले की काय झालं. मामू, माझा बांध तिथे फुटला. मी सगळी अदब बाजूला ठेवून म्हटलं, "साहब, हमको शादी करने का है. हमारा छुट्टी आपके पेपरवेट के नीचे मर गया. लड़की का शादी दूसरे के साथ हो जाएगा, उसका बेकरी है."

लाज सोडून तुम्हाला लिहितो (आणि वाचणाऱ्या व्यक्तीने हे वाक्य स्पष्ट आवाजात वाचावं), मला शहनाझशीच लग्न करायचं आहे. या तीन वर्षांत इथे उकाडा, खारं पाणी आणि जमालचं घोरणं मी सोसलं ते सड्यावर संध्याकाळी तिच्याबरोबर बसून समुद्र बघता यावा म्हणून, क्लेम लिहायची हौस म्हणून नाही. मी मोहिद्दीनइतका पैसेवाला नाही. पाव मलाही भाजता येतो, पण ते सोडा.

साहेबांनी अर्ज मागितला. मी खिशातून काढून दिला. घामाने अक्षरं पसरली होती, तरी माझं नाव वाचता येत होतं. आमचं थोडं बोलणं झालं (ते विशेष नाही, जागा उरली तर खाली लिहीन) आणि साहेबांनी जमालला वाकवून त्याच्या पाठीवर कागद ठेवून सही केली. मामू, रजा मंजूर! डिसेंबरच्या पहिल्या बोटीने निघतो, मुंबईहून रत्नागिरीची बोट धरून आपल्या बंदरावर उतरतो. काझीसाहेबांना सांगून रमझानच्या आतली तारीख धरावी आणि मोंबासाला जे काय कळवायचं ते गोड शब्दांत कळवावं. नवे बूट घेणं आता जमणार नाही, चपला घालूनच निकाहला बसेन. तुमची, मामींची आणि अम्मीची दुआ पाठीशी असावी; पाठीलाच सध्या तिची गरज जास्त आहे.

तुमचा, पोटऱ्या सुजलेला आणि तरीही फार आनंदात असलेला भाचा,
यूनुस

ता.क. जागा उरली आहे, म्हणून ते थोडं बोलणं लिहितो. सही करण्याआधी साहेबांनी विचारलं की तुमच्या गावाकडे बघण्यासारखं काही आहे का. मी दमलेला, अर्ज त्यांच्या हातात, पेन हवेत. म्हटलं, है सर, पहाड़ के ऊपर, सिर्फ दीवार, छप्पर नहीं, नीचे समुंदर. साहेबांचे डोळे चमकले. रुइन्स? मी म्हटलं, रुइन्स. त्यांनी त्यांच्या हिंदीत विचारलं, "किनका?" मी खरं तेच सांगितलं, "मामूंका." साहेबांनी ते दोनदा हळूच म्हणून पाहिलं आणि स्पेलिंग विचारलं. मी सांगितलं. त्यांची समजूत अशी झाली आहे की पेरूत जसे इंका, तसे कोकणात मामूंका नावाचे लोक होऊन गेले. मी दुरुस्त करणार होतो, पण तोवर पेन कागदावर टेकलं होतं.

ता.क. २. साहेब माझ्याबरोबर येत आहेत. त्याच बोटीने, तंबू, दोर आणि फोटोच्या पेटीसकट. रजा त्या अटीवर आहे. मामूंका लोकांचा महाल बघायचा आणि पेरूला जाऊन आलेल्या सारंगाची भेट घ्यायची, असं त्यांनी ठरवलंय. त्यांनी पेरूबद्दल काही विचारलंच तर घाबरू नये. आतून गुलाबी आहे एवढं म्हटलं की पुरतं, पुढचं तेच बोलतात.

ता.क. ३. तेव्हा मामू, हात जोडून एवढीच विनंती, आणि खरं म्हणजे हे पत्र त्यासाठीच: छप्पर चढवू नका. इतकी वर्षं मी तुमच्यामागे छप्पर छप्पर केलं, तो यूनुस वेगळा होता, त्याला विसरा. हे पत्र मी टपालाने न पाठवता जहूरच्या हाती देतो आहे, म्हणजे कौलं चढायच्या आत पोचेल. चढवली असली तर उतरवा. झाडलोट करू नये, चुना लावू नये, शेळ्यांना अडवू नये. साहेब परत बोटीत बसले की त्याच दिवशी मी स्वतः वर चढून कौलं घालीन, हा डोंगर चढलेल्या माणसाचा शब्द आहे. उतार होडीचा असो की घराचा, तुम्ही म्हणाल तसा.

ता.क. ४. साहेबांना तीन दिवसांची टूर लागते. बंदरापासून सड्यावर पोचायला आपली बकरीसुद्धा अर्धा तास घेत नाही. तरी त्यांना खाडीच्या पलीकडून, मसणवटीच्या मागून, परकारांच्या आमराईतून कसंही फिरवत न्या, आणि किती राहिलं विचारलं की फक्त करीब म्हणा. तुमचे गुडघे दुखतात हे मी विसरलेलो नाही. डालगं आहेच.

ता.क. ५. शहनाझ, हे एवढं मामूंना वाचून दाखवू नकोस. वरचं ऐकून ते आधी तासभर ओरडतील, मग रागारागाने माझी जिरवायला म्हणून लगेच कौलं चढवायला उठतील. ते उठायच्या आत शिडी लपवून ठेव.